जुने गेम फोनवर आणायचेत? आधी रॉम कुठून येणार ते ठरवा

प्रश्न थोडक्यात असा आला आहे: घरात जुना प्लेस्टेशन १ आणि त्याच्या ओरिजिनल सीडी आहेत, गेमबॉय ॲडव्हान्सच्या चार-पाच कॅसेट आहेत (त्यांत पोकेमॉन एमराल्डही), शिवाय शाळेत असताना टीव्हीला लावायचो त्या व्हिडिओ गेमच्या ‘९९९९ इन १’ कॅसेट आहेत. हे सगळं अँड्रॉइड फोनवर खेळता येईल का? एम्युलेटर वापरणं गुन्हा आहे का? ज्या गेमची कॅसेट माझ्याकडे आहेच, तिचा रॉम, म्हणजे आतल्या गेमची फाईल, नेटवरून उतरवला तर चालतं ना? आणि भाच्याकडे आयफोन आहे, त्यालाही पाठवायचे आहेत.

आधी उत्तर, मग कारणं. सीडी आणि गेमबॉयच्या कॅसेट खऱ्या असतील तर फोनवर येतात, आणि कायद्यात बसवून येतात. ‘९९९९ इन १’ येत नाही. नेटवरून उतरवलेला रॉम चालत नाही, कॅसेट कपाटात असली तरीही. आणि भाच्याला फाईल पाठवायची नाही. त्याची सोय वेगळी करता येते, ती शेवटी सांगतो.

एम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्रासारखं वागणारा प्रोग्राम. तो कंपनीचा कोड न चोरता लिहिलेला असेल तर त्यात बेकायदा काही नाही. हा वाद अमेरिकेत केव्हाच होऊन गेला. १९९९ मध्ये कनेक्टिक्स नावाच्या कंपनीने मॅकवर प्लेस्टेशनचे गेम चालवणारा ‘व्हर्च्युअल गेम स्टेशन’ विकायला काढला. सोनी कोर्टात गेली. २००० मध्ये अपील कोर्टाने कनेक्टिक्सच्या बाजूने निकाल दिला: यंत्र कसं चालतं हे समजून घेण्यासाठी बायोस (यंत्र सुरू करणारा त्यातला मूळ प्रोग्राम) उलगडून पाहणं हा रास्त वापर आहे. पुढे सोनीने तो प्रोग्रामच विकत घेतला आणि बंद केला. ‘ब्लीम’ नावाच्या दुसऱ्या एम्युलेटरनेही सोनीविरुद्ध कोर्टात बाजी मारली, पण वकिलांच्या खर्चापायी ती कंपनी २००१ मध्ये आटोपली. गंमत पुढे आहे. २०१८ मध्ये सोनीने ‘प्लेस्टेशन क्लासिक’ नावाचा छोटा डबा बाजारात आणला, आणि त्याच्या आत गेम चालवत होता तो पीसीएसएक्स रीआर्म्ड, म्हणजे हौशी लोकांनी लिहिलेला खुला एम्युलेटर. तोच एम्युलेटर आज तुमच्या फोनवर फुकट चालतो.

म्हणून एम्युलेटर टाकताना मनात धाकधूक नको. खरी मेख गेमच्या फाईलमध्ये आहे.

आपल्याकडचा कायदा म्हणजे कॉपीराइट ॲक्ट, १९५७. त्याच्या कलम ५२ मध्ये कशाकशाला उल्लंघन म्हणायचं नाही याची यादी आहे. त्यात (१)(एए) म्हणतं की कॉम्प्युटर प्रोग्रामची प्रत ज्याच्या कायदेशीर ताब्यात आहे, त्याला तो प्रोग्राम ज्या कामासाठी मिळाला त्या कामासाठी वापरता यावा म्हणून प्रत करता येते, आणि हरवणं-बिघडणं यापासून तात्पुरतं संरक्षण म्हणून बॅकअपही घेता येतो. (१)(एडी) आणखी सरळ आहे: स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून, स्वतःच्या बिगरव्यापारी वापरासाठी केलेली प्रत. या वाक्यातला एकेक तुकडा महत्त्वाचा. प्रत तुमच्याच कॅसेटवरून झाली पाहिजे. कॅसेट मुळात कायदेशीर पाहिजे. वापर तुमचाच पाहिजे. आणि एक गोष्ट लक्षात ठेवा, हे कलम ‘कॉम्प्युटर प्रोग्राम’बद्दल बोलतं, गेममध्ये संगीत आणि चित्रंही असतात. त्यामुळे सवलतीचा अर्थ ताणू नका. तुमची कॅसेट, तुमची प्रत, तुमचा फोन, इतक्यावर थांबा.

आता नेटवरून उतरवलेल्या रॉमचं. ती फाईल तुमच्या कॅसेटवरून झालेली नसते, कुणा तिसऱ्याच्या कॅसेटवरून झालेली असते, आणि ज्याने ती चढवली त्याला वाटायचा हक्क नव्हता. म्हणजे (एडी)मधली पहिलीच अट मोडते. ‘पण आत तोच तर गेम आहे, बाइटला बाइट तोच’ हे मला दर आठवड्याला कुणीतरी ऐकवतं. असेल तोच. कायदा फाईलमधल्या बाइट मोजत नाही, प्रत कशावरून झाली ते विचारतो. ‘चोवीस तासांत डिलीट केलं तर चालतं’ हीदेखील एक लोककथाच आहे. असा नियम आपल्या कायद्यात नाही, अमेरिकेच्याही नाही. तीच गत ‘अबँडनवेअर’ची. कंपनीने विकणं बंद केलं म्हणून कॉपीराइट संपत नाही. १९८५ चा सुपर मारिओ अजून कित्येक वर्षं मोकळा होणार नाही.

शिक्षेचंही सांगतो, कारण त्याबद्दल दोन्ही टोकांच्या अफवा आहेत. कलम ६३ब प्रमाणे, प्रोग्रामची बेकायदा प्रत आहे हे माहीत असून ती वापरली तर सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड होऊ शकतो. मात्र वापर नफ्यासाठी किंवा धंद्यासाठी नसेल तर कोर्ट कैद न देता ५० हजारांपर्यंतच्या दंडावर भागवू शकतं. घरी गेम खेळणाऱ्याच्या दारात पोलीस येतील असं मी म्हणत नाही. पण तुम्ही ‘कायदेशीर मार्ग’ विचारलात, म्हणून मार्ग कुठे संपतो तेही दाखवलं पाहिजे.

अमेरिकेत असलेल्या वाचकांसाठी एक फरक. तिथल्या डीएमसीए कायद्यात कॉपी रोखणारं डिजिटल कुलूप तोडणं हाच वेगळा दोष धरला जातो, मग हेतू काहीही असो. आपल्या कलम ६५अ मध्ये ‘हक्क मोडण्याच्या हेतूने’ असे शब्द आहेत. गेमबॉय ॲडव्हान्सच्या कॅसेटला किंवा प्लेस्टेशन १ च्या सीडीवरच्या डेटाला एन्क्रिप्शनचं कुलूप नाही, म्हणून तुमच्या बाबतीत हा प्रश्न उठत नाही. निन्टेन्डो ३डीएस, स्विच यांच्याबाबतीत उठतो, आणि जोरात उठतो. यूझू या स्विच एम्युलेटरच्या लेखकांना मार्च २०२४ मध्ये निन्टेन्डोशी २४ लाख डॉलरची तडजोड करावी लागली, तिथे मुद्दा एन्क्रिप्शनच्या किल्ल्यांचाच होता. ३डीएसचा सिट्रा त्यांच्याच हातचा, तोही त्याच झटक्यात बंद झाला. माझा सल्ला साधा आहे: बाजारात अजून ज्याचं यंत्र विकलं जातंय, त्याच्या एम्युलेटरच्या नादी लागू नका.

‘९९९९ इन १’ बद्दल वाईट बातमी आहे, पण ती देणं भाग आहे. नव्वदच्या दशकात आपल्याकडे घरोघरी आलेली ती यंत्रं निन्टेन्डोच्या फॅमिकॉमची नक्कल होती, आणि त्या पिवळ्या, निळ्या कॅसेटमधले गेम परवानगीशिवाय भरलेले होते. यादी नऊ हजारांची, आत मोजके गेम आणि त्यांच्याच वेगवेगळ्या लेव्हल, हे तेव्हाही सगळ्यांना कळत होतं. कायद्याच्या भाषेत ती कॅसेट मुळातच बेकायदा प्रत आहे. तिच्यावरून केलेली प्रत ‘कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून’ झालेली नसते, मग तुमच्या वडिलांनी दुकानात रोख पैसे मोजून ती घेतलेली का असेना. काँट्रा किंवा मारिओ फोनवर हवाच असेल तर जपानमधून जुनी खरी फॅमिकॉम कॅसेट मागवा आणि ती डंप करा, म्हणजे तिच्यातला गेम फाईल म्हणून काढून घ्या. लोकप्रिय गेमच्या सुट्या कॅसेट, डबा-पुस्तिकेशिवाय, तिकडे भरपूर मिळतात. हाच न्याय चिप बसवलेल्या प्लेस्टेशन २ साठी बाजारातून आणलेल्या, गेम कॉपी केलेल्या डीव्हीडींना लागू.

गेमबॉयच्या कॅसेटही आधी तपासून घ्या, कारण या कॅसेटच्या नकला जगभर आहेत आणि आपल्याकडे तर त्यांचाच सुळसुळाट. खऱ्या कॅसेटच्या स्टिकरवर बारीक दाबून उठवलेला दोन आकडी क्रमांक असतो. उजेडात तिरकी धरली की दिसतो. खालच्या फटीत डोकावलं तर सोनेरी पट्ट्यांच्या वर सर्किटवर ‘निन्टेन्डो’ असं छापलेलं दिसतं. नकलीत बहुधा ही जागा कोरी असते, नाहीतर अक्षरं भलतीच असतात.

खरी निघाली की कामाला लागू. कॅसेट रीडर लागतो. मी गेमबॉयसाठी इनसाइडगॅजेट्सचा जीबीएक्सकार्ट वापरतो, त्याच्यासोबत फ्लॅशजीबीएक्स हा फुकट प्रोग्राम चालतो. एपिलॉग कंपनीचा जीबी ऑपरेटर दिसायला देखणा आणि वापरायला सोपा आहे. सोल्डरिंगची हौस असेल तर सॅनीचा कार्ट रीडर आहे, त्याचे आराखडे खुले आहेत आणि त्यावर गेमबॉयखेरीज इतरही बऱ्याच कॅसेट वाचता येतात. ॲडव्हान्सच्या चार कॅसेटसाठी पहिले दोनच पुरेत.

पट्ट्या आधी पुसा. कापसाच्या काडीला आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून, पट्टीच्या लांबीच्या दिशेने, काडी काळी व्हायची थांबेपर्यंत. कोकणात नाहीतर मुंबईत चार पावसाळे ट्रंकेत काढलेली कॅसेट असेल तर हे काम टाळू नका. डंप अर्धवट होण्याचं पहिलं कारण हीच हिरवट-काळी पुटं. फुंकर मारायची जुनी सवय सोडा, थुंकीचा दमटपणा पट्ट्यांना लागतो. रीडरवर ३.३ आणि ५ व्होल्टचं बटण असेल तर ॲडव्हान्सची कॅसेट ३.३ वर, जुन्या गेमबॉयची ५ वर. वीज चालू असताना कॅसेट काढ-घाल नको.

आणि रॉमच्या आधी सेव्ह काढा. बहुतेक जण इथेच उलटं करतात. जुन्या गेमबॉयच्या कित्येक कॅसेटमध्ये सेव्ह टिकवायला एक बटणासारखा सेल असतो, तो संपला की सेव्ह गेला. पोकेमॉन गोल्ड-सिल्व्हर पंचवीस वर्षांचे झालेत, त्यांचे सेल कधीही राम म्हणतील. ॲडव्हान्सवरच्या एमराल्डमध्ये सेल फक्त घड्याळासाठी आहे, सेव्ह फ्लॅश मेमरीत असतो, तो सहसा शाबूत मिळतो. फ्लॅशजीबीएक्समध्ये ‘बॅकअप सेव्ह डेटा’ दाबा, फाईल सुरक्षित जागी ठेवा, मग ‘बॅकअप रॉम’. एमराल्डचा रॉम १६ एमबीचा आणि सेव्ह १२८ केबीचा यायला हवा. प्रोग्राम चेकसम (फाईल अचूक उतरली का ते तपासायचा आकडा) जुळला की नाही ते सांगतो. जुळला नाही तर पट्ट्या पुन्हा पुसून पुन्हा वाचा. दोनदा वाचून दोन्ही फाईल सारख्या आल्या तरीही चेकसम जुळत नसेल, तर कॅसेट नकली असण्याची शक्यता दाट.

आता फोनवर. फाईल केबलने एका फोल्डरमध्ये टाका. अँड्रॉइडवर नवख्याला मी लेमुरॉइड सांगतो: फुकट, जाहिरात नाही, फोल्डर दाखवला की गेम आपोआप मांडतो. रेट्रोआर्क ताकदीचा आहे, पण त्याचे मेनू पाहून माणूस पहिल्याच दिवशी पळतो. हौस वाढली की त्याच्याकडे जा. रेट्रोआर्कमध्ये कॅसेटमधला जुना सेव्ह चालवायचा असेल तर एक बारीक खुबी आहे. रीडर सेव्हला शेवटी ‘एसएव्ही’ लावतो, रेट्रोआर्कला ‘एसआरएम’ लागतं. फाईलचं नाव रॉमच्या नावाशी तंतोतंत जुळवा, शेवटची तीन अक्षरं बदला, सेव्हच्या फोल्डरमध्ये टाका. गेम उघडा. शाळेत असताना जिथे थांबला होता, तिथून पुढे सुरू.

रंग भडक वाटतील. २००१ च्या मूळ ॲडव्हान्सच्या पडद्याला आतून उजेड नव्हता, म्हणून गेम बनवणाऱ्यांनी रंग मुद्दाम चढे ठेवले. रेट्रोआर्कमध्ये ॲडव्हान्सचे गेम चालवणारा जो भाग आहे, त्या एमजीबीए कोअरमध्ये रंग सुधारायची सेटिंग आहे, ती चालू करा. तीच गोष्ट आकाराची. मूळ चित्र २४० बाय १६० पिक्सेलचं. तुमच्या फोनचा पडदा आडवा धरल्यावर १०८० पिक्सेल उंच असेल तर सहापट केलं की ९६० होतं आणि नेमकं बसतं. सातपट ११२०, ते मावत नाही. पूर्ण पडदा भरायच्या हव्यासात चित्र मधल्याच मापाला ताणलं की काही पिक्सेल जाड, काही बारीक दिसतात आणि सरकताना सगळं थरथरतं. ‘इंटीजर स्केलिंग’ लावा, कडेला काळी चौकट राहू द्या.

प्लेस्टेशनच्या सीडी कॅसेटपेक्षा सोप्या, कारण खास यंत्र लागत नाही. काळ्या पाठीच्या असल्या तरी साध्या सीडीच आहेत. लॅपटॉपला बाहेरून लावायचा कुठलाही डीव्हीडी ड्राइव्ह त्या वाचतो. विंडोजवर इमजीबर्न घ्या, डिस्कवरून इमेज बनवायचा पर्याय निवडा, वेग कमी ठेवा. शेवटी दोन फाईल मिळतात: एक मोठी ‘बिन’, एक चिमुकली ‘क्यू’. क्यू नोटपॅडमध्ये उघडून पाहा, पहिल्या ओळीत बिनचं नाव अवतरणचिन्हांत असतं. बिनचं नाव बदललं आणि इथे बदललं नाही तर गेम उघडत नाही, आणि लोक एम्युलेटरला शिव्या घालत बसतात. फोनमध्ये जागा कमी असेल तर मेम या आर्केड गेमच्या एम्युलेटर प्रकल्पातल्या सीएचडीमॅन या साधनाने दोन्हींची मिळून एक सीएचडी फाईल करा. गेम तसाच राहतो, आकार घटतो. ओरखडे असलेली सीडी पाण्याने धुऊन मऊ कापडाने मधून कडेकडे पुसा, गोल गोल नको.

बायोसचं मात्र नीट ऐका. प्लेस्टेशन चालू झाल्यावर तो पांढरा पडदा आणि आवाज ज्या प्रोग्राममुळे येतो तो बायोस, ५१२ केबीचा, आणि तो सोनीच्या मालकीचा आहे. डकस्टेशन हा अँड्रॉइडवरचा सगळ्यात चांगला प्लेस्टेशन १ एम्युलेटर बायोस मागतो. ‘बायोस उतरवा’ म्हणणाऱ्या शेकडो साइट सापडतील, त्यांना तेच लागू जे रॉमच्या साइटना. कायदेशीर वाटा दोन. एक, तुमच्याच यंत्रातून बायोस काढणं. होतं, पण पहिल्याच वेळी करायचं काम नाही. दुसरी वाट मी नवख्यांना देतो: पीसीएसएक्स रीआर्म्ड. त्यात बायोसचं काम करणारा स्वतःचा कोड आहे, सोनीची फाईल लागत नाही. काही गेम त्यावर अडखळतात, मेमरी कार्डाचा पडदा दिसत नाही, पण बहुतेक चालतात. रेट्रोआर्क आणि लेमुरॉइड दोन्हींत तो आहे. पीएसपी या सोनीच्या हातात धरायच्या यंत्राचा एम्युलेटर पीपीएसएसपीपी, त्याला तर बायोसची गरजच नाही.

इथे एक गोष्ट तुमच्या लक्षात येईल आणि तुम्ही गोंधळाल, म्हणून आधीच सांगतो. आपल्याकडचा टीव्ही पीएएल पद्धतीचा, सेकंदाला ५० वेळा चित्र बदलणारा. भारतात अधिकृतपणे विकल्या गेलेल्या प्लेस्टेशनच्या डिस्कही त्याच पद्धतीच्या. जपान-अमेरिकेत ६० चा हिशोब. बऱ्याच कंपन्यांनी गेम पीएएलमध्ये आणताना वेग जुळवून घेतलाच नाही, त्यामुळे तोच गेम तुमच्या डिस्कवर साधारण १७ टक्के संथ चालतो, संगीतासकट, आणि वर-खाली काळ्या पट्ट्या येतात. फोन संथ नाही, डिस्क तशी आहे. लहानपणी तुम्ही तो तसाच खेळलात, म्हणून तेव्हा खटकलं नाही. डकस्टेशनमध्ये पीएएल गेमला ६० च्या तालावर चालवायची सेटिंग आहे. वेगाच्या शर्यतीच्या गेमला ती फार छान लागू पडते, काही गेममध्ये मात्र व्हिडिओ आणि आवाज यांचा मेळ सुटतो. ‘अमेरिकन आवृत्ती उतरवून घे’ हा सल्ला देणारे भेटतीलच. पुन्हा तेच, ती तुमची डिस्क नाही.

युरोपातल्या काही डिस्कवर लिबक्रिप्ट नावाचं संरक्षण आहे, डिस्कच्या उपवाहिनीतल्या, म्हणजे मुख्य डेटाच्या जोडीला असलेल्या, डेटात लपवलेलं. असा गेम सुरू होतो आणि मध्येच अडकतो. साध्या डंपमध्ये तो डेटा येत नाही. असं झालं तर त्या डिस्कचा नाद सोडा, हे मी अनुभवी माणसालाही सांगतो.

सेव्हबद्दल एक शिस्त पाळा. एम्युलेटरमध्ये ‘सेव्ह स्टेट’ असतं: कुठल्याही क्षणी सगळं गोठवून ठेवायचं. मोहक आहे. पण एम्युलेटरची नवी आवृत्ती आली की जुनी स्टेट कधी कधी उघडत नाही, आणि एका एम्युलेटरची स्टेट दुसऱ्यात जात नाही. गेममध्येच जिथे सेव्ह करायची सोय आहे तिथे सेव्ह करा, स्टेट फक्त बसमध्ये उतरायची वेळ आली म्हणून.

बटणांचं थोडक्यात. वळणावळणाने खेळायचे गेम, कोडी, पोकेमॉन, बुद्धिबळ यांना पडद्यावरची बटणं चालतात. उड्या मारायचे गेम काचेवर खेळायचा हट्ट धरू नका. बोटाला कड लागत नाही, नजर सतत खाली जाते. फोन मध्ये अडकवायचा, यूएसबी-सी पोर्टला लागणारा कंट्रोलर घ्या. ब्लूटूथचाही चालतो, पण त्यात बटण दाबणं आणि उडी यांत किंचित अंतर पडतं, आणि जे लहानपणी टीव्हीवर खेळले आहेत त्यांना ते लगेच जाणवतं.

ॲप घेताना प्ले स्टोअर, ॲप स्टोअर किंवा त्या प्रकल्पाची स्वतःची वेबसाइट, याबाहेर जाऊ नका. एप्रिल २०२४ मध्ये ॲपलने ॲप स्टोअरवर जुन्या कन्सोलच्या एम्युलेटरना पहिल्यांदा परवानगी दिली, आणि काही दिवसांतच आयजीबीए नावाचं ॲप वरच्या क्रमांकावर गेलं. ते दुसऱ्याच्या खुल्या कोडची नक्कल निघालं, जाहिरातींसह. ॲपलने ते काढून टाकलं. ज्याचा तो कोड होता, त्या रायली टेस्टटचं डेल्टा त्याच महिन्यात आलं. तुमच्या भाच्यासाठी तेच: फुकट, स्वच्छ, गेमबॉयपासून निन्टेन्डो डीएसपर्यंत. पुढच्या महिन्यात रेट्रोआर्क आणि पीपीएसएसपीपीही आले. आयफोनवर एक मर्यादा आहे. धावता धावता कोड तयार करायची मुभा ॲपल देत नाही, त्यामुळे निन्टेन्डोच्या गेमक्यूब आणि वी या यंत्रांचा एम्युलेटर डॉल्फिन ॲप स्टोअरवर नाही, अँड्रॉइडवर आहे.

आता फाईल का पाठवायची नाही. तुमची सवलत तुमच्या वापरापुरती. फॅमिली ग्रुपवर टाकलेला रॉम म्हणजे वाटप, आणि तिथे कलम ५२ तुमच्या बाजूने उभं राहत नाही. तसंच कॅसेट विकली तर फोनमधली प्रतही काढून टाका, कारण तुमचा ताबा संपला. काही गेम मूळ कंपन्यांनीच फोनसाठी आणलेत आणि ते भाच्यासाठी रास्त पर्याय आहेत: सोनिक द हेजहॉग, क्रोनो ट्रिगर, फायनल फँटसीचे पिक्सेल रीमास्टर, कॅसलवेनियाचा सिम्फनी ऑफ द नाइट. एकदा विकत घेतला की बायोस, डंप, चेकसम काही नाही. खरं सांगायचं तर यातला जो गेम तुम्हाला हवा आहे तो विकत मिळत असेल, तर तुम्हीही रीडरच्या भानगडीत पडू नका.

डेल्टामध्ये टाकायला त्याला काहीतरी हवंच असेल तर आजही जुन्या यंत्रांसाठी नवे गेम लिहिणारे लोक आहेत, आणि ते रॉम स्वतःच देतात. टोबू टोबू गर्ल हा गेमबॉयचा गेम फुकट आहे, त्याचा कोडही खुला आहे. उंच उंच उड्या मारत जायचं, दोन मिनिटांत हरायचं, परत सुरू करायचं. मायक्रो मेजेस हा एनईएसचा (फॅमिकॉमचं परदेशातलं रूप) गेम २०१९ चा, तो पैसे देऊन घ्यावा लागतो आणि रॉम फाईल म्हणूनच मिळतो, त्यामुळे डेल्टातही चालतो, लेमुरॉइडमध्येही. चौघांनी मिळून खेळता येतो. आर्केडची आवड असेल तर मेमच्या अधिकृत साइटवर ग्रिडली, रॉबी रोटो असे काही रॉम हक्कदारांच्या परवानगीने बिगरव्यापारी वापरासाठी ठेवलेले आहेत. आणि तुमच्या एमराल्डचीच त्याला ओढ असेल, तर सुट्टीत घरी येईल तेव्हा कॅसेट आणि गेमबॉय दोन्ही हातात द्या. त्याआधी सेव्हची फाईल एकदा कॉम्प्युटरवर उतरवून ठेवलीत ना, तेवढं बघा. ‘न्यू गेम’ दाबून वर सेव्ह केलं की जुना सेव्ह पुसला जातो.